जर्सी दिलीत, आता करार द्या

प्रति,
माननीय अध्यक्ष, पदाधिकारी आणि संलग्न क्लबांचे चालक,
गोवा फुटबॉल असोसिएशन

सप्रेम नमस्कार.

मी डिचोली तालुक्यातील एका हायस्कूलात शारीरिक शिक्षण शिकवते आणि शाळा सुटल्यावर मुलींचा फुटबॉल संघ घेते. माझे मागणे आधीच सांगून टाकते. गोव्याच्या महिला लीगमध्ये उतरणाऱ्या प्रत्येक क्लबाने पुढच्या हंगामापासून आपल्या खेळाडूंशी लेखी करार करावा. एक प्रत मुलीच्या हाती, एक असोसिएशनच्या दप्तरी. रक्कम लहान असली तरी चालेल, पण ती कागदावर असावी. करार जोडल्याशिवाय क्लबाचा प्रवेश अर्ज स्वीकारू नये. यापुढे जे लिहिते आहे ते एवढ्याचसाठी.

5 जुलै 2025 रोजी चियांग माईत भारताच्या महिला संघाने यजमान थायलंडला 2-1 हरवले आणि 2026 च्या आशिया चषकात जागा मिळवली. पात्रता फेरी जिंकून या स्पर्धेत जाण्याची भारताची ही पहिलीच वेळ. दोन्ही गोल संगीता बासफोरचे. दुसऱ्या दिवशी मैदानावर आलेल्या माझ्या मुलींना त्या गोलांशिवाय दुसरा विषय नव्हता. आठवीतली एक मुलगी मला विचारत होती, "टीचर, इंडियाला खेळायला लागले की मग पगार मिळतो ना?" तिचा प्रश्न अगदी साधा होता. तिचा भाऊ हॉटेलात लागला तर पहिल्या महिन्यापासून पगार घेऊन येणार, हे तिला माहीत आहे. देशासाठी खेळणाऱ्या बाईला तर नक्कीच मिळत असणार, असे तिला वाटले. मी तिला खरे ते सांगितले: राष्ट्रीय शिबिरात आणि दौऱ्यावर असेपर्यंत खर्च भागवला जातो, भत्ता मिळतो, पोट मात्र क्लबावर किंवा नोकरीवर चालते. म्हणून आंतरराष्ट्रीय खेळाडूची कारकीर्द खरोखर उभी राहते ती क्लबाच्या करारावर. देशाची जर्सी वर्षातले काही आठवडे अंगावर असते. उरलेले सगळे महिने तिला कोण सांभाळतो, यावर पुढच्या वर्षी ती जर्सी पुन्हा मिळणार की नाही हे ठरते.

माझ्या एका विद्यार्थिनीचे सांगते. नाव लिहीत नाही, तिने तशी विनंती केली आहे. ती सत्तरी तालुक्यातली. वडिलांचा खाणीवरचा ट्रक. खाणी बंद झाल्या तेव्हा तो ट्रक दारातच उभा राहिला आणि ही मुलगी रोज संध्याकाळी त्याच्या मागच्या चाकावर चेंडू मारत बसायची. चाकाला लागून चेंडू कधी सरळ परत येत नाही, कुठेही उडतो. तो उडालेला चेंडू एका स्पर्शात पायाखाली घेण्याची तिची सवय तिथून आली. मी तिला पहिल्यांदा खेळताना पाहिले तेव्हा माझ्या लक्षात आली ती हीच गोष्ट, वेग किंवा ताकद नव्हे. तालुका, जिल्हा, राज्य असे टप्पे तिने भराभर ओलांडले. वयोगटाच्या भारतीय संघाच्या शिबिरात निवड झाली, परदेशात एका स्पर्धेत ती खेळली. वर्तमानपत्रात फोटो आला, पंचायतीने शाल आणि नारळ दिला.

पुढे राज्याबाहेरच्या एका क्लबाने तिला बोलावले. बोलावणे म्हणजे व्हॉट्सअॅपवर आलेले तीन ओळींचे इंग्रजी वाक्य: महिन्याला अमुक रुपये, राहणे-जेवण आमचे, 5 तारखेपर्यंत या. आईवडिलांनी तो मेसेज मला वाचायला आणून दिला. करार पाठवा असे आम्ही उलट कळवले. "आल्यावर करू," असे उत्तर आले. ती गेली. दोन महिन्यांचे पैसे वेळेवर आले. तिसऱ्या महिन्यात सरावात वळताना डाव्या गुडघ्यातून आवाज आला आणि ती खाली बसली. एमआरआयमध्ये एसीएल, म्हणजे गुडघ्याच्या आतला तो महत्त्वाचा अस्थिबंध, पूर्ण तुटलेला निघाला. क्लबाने रेल्वेचे तिकीट काढून तिला घरी पाठवले. त्यानंतर फोन उचलला गेला नाही. तक्रार करायची तर कशाच्या आधारे? तिच्याजवळ कागद नव्हता, ती त्या क्लबात होती हे दाखवणारा फक्त संघाचा एक फोटो होता.

एसीएलची शस्त्रक्रिया झाल्यावर मैदानावर परतायला किमान 9 महिने लागतात. त्या काळात रोजचा व्यायाम, फिजिओथेरपिस्टकडच्या फेऱ्या, मांडीचे स्नायू पुन्हा दुसऱ्या पायाइतके बळकट होणे, हे सगळे होईपर्यंत सामना खेळायचा नाही. शस्त्रक्रिया सरकारी रुग्णालयात चांगली झाली. घरापासून फिजिओपर्यंत दोन बस बदलून जाण्याचे भाडे आणि दिवस मात्र घरच्यांना परवडेनासे झाले. आज ती डिचोलीच्या औद्योगिक वसाहतीत पॅकिंगला जाते. काम मानाचे आहे, तिने घर उचलून धरले आहे. पण ती विशीतही पुरती पोचलेली नव्हती तेव्हा तिचा खेळ संपला, आणि तो तुटलेल्या गुडघ्याने संपला असे मी मानत नाही. तसा गुडघा घेऊन परत आलेल्या कितीतरी आहेत.

भारताची फुटबॉलपटू बाला देवी, तिचेच पाहा. जानेवारी 2020 मध्ये तिने स्कॉटलंडच्या रेंजर्सशी 18 महिन्यांचा करार केला. युरोपातल्या क्लबाशी व्यावसायिक करार करणारी ती पहिली भारतीय महिला. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये तिने तिथे गोलही केला. पुढे गुडघ्याच्या गंभीर दुखापतीने ती बराच काळ बाहेर राहिली. तरी ती परतली, आणि ऑक्टोबर 2024 मध्ये काठमांडूच्या सॅफ, म्हणजे दक्षिण आशियाई, स्पर्धेत पाकिस्तानविरुद्ध तिने भारतासाठी आपला 50 वा गोल केला. त्याच सामन्यात आशालता देवीने 100 वा आंतरराष्ट्रीय सामना खेळून भारतीय महिलांमध्ये तो टप्पा पहिल्यांदा गाठला. दोघीही मणिपूरच्या. बाला देवी मणिपूर पोलिसांत नोकरीला आहे, हे मला यातले सर्वांत महत्त्वाचे वाटते. मणिपूरने राष्ट्रीय महिला विजेतेपद 20 हून अधिक वेळा जिंकले. त्या राज्याच्या मुलींच्या रक्तातच फुटबॉल आहे असे लोक बोलतात. मला ते पटत नाही. फुटबॉल आमच्याही रक्तात आहे म्हणूनच 2012 मध्ये तो गोव्याचा राज्यखेळ झाला. फरक असा की तिथल्या मुलीला खेळत असताना पोलीस खात्याची नोकरी मिळू शकते, त्या खात्याचा महिला संघ देशाच्या लीगच्या अंतिम सामन्यापर्यंत पोचतो, आणि दुखापत झाली तरी महिन्याचा पगार सुरू राहतो. खेळाडू 30 च्या पुढेही खेळते ती या आधारावर.

आपल्याकडेही एक पिढी होऊन गेली. भारतीय महिला संघ 1980 मध्ये कोळिकोडला आणि 1983 मध्ये बँकॉकला आशियाई स्पर्धेचा उपविजेता होता. त्या पिढीत गोव्याची योलांडा डिसोझा होती. माझ्या शाळेतल्या मुलांना गोव्याचे फुटबॉलपटू ब्रह्मानंद शंखवाळकर माहीत आहेत, ब्रूनो कुतिन्हो माहीत आहेत, आणि माहीत असायलाच हवेत. योलांडाचे नाव मी सांगितले तेव्हा एकाही मुलीने ते आधी ऐकलेले नव्हते. त्या काळी महिला फुटबॉलचा कारभार वेगळ्या संघटनेकडे होता आणि पुढे तो राष्ट्रीय महासंघाकडे आला. या हस्तांतरात बऱ्याच जणींच्या नोंदी, छायाचित्रे, मान हे सगळे मागे पडले. असोसिएशनने या ज्येष्ठ खेळाडूंना एकदा बोलावून त्यांच्या आठवणी नोंदवून घ्याव्यात, ही माझी बाजूची विनंती. पण मूळ मुद्द्यावर येते.

ऑक्टोबर 2022 मध्ये 17 वर्षांखालील महिला विश्वचषकाचे दोन्ही उपांत्य सामने गोव्यात, मडगावच्या फातोर्ड्याला झाले. मी शाळेतल्या मुलींना घेऊन गेले होते. कोलंबिया आणि नायजेरिया 0-0 राहिले आणि पेनल्टीवर कोलंबिया 6-5 जिंकले. मुलींच्या डोळ्यांपुढून कोलंबियाची लिंडा कायसेदो हलत नव्हती. डाव्या बाजूने ती चेंडू घेऊन निघाली की अख्खी गॅलरी उभी राहायची. तेव्हा ती 17 वर्षांची होती. त्याआधी 15 व्या वर्षी तिला अंडाशयाचा कर्करोग झाला होता, ती त्यातून बरी झालेली होती. पुढच्या वर्षी ती रिअल माद्रिदला गेली आणि मोठ्यांच्या विश्वचषकात जर्मनीविरुद्ध तिने गोल केला. मुलींना मी तेव्हा सांगितले नव्हते, नंतर वर्गात सांगितले: ही मुलगी 14 व्या वर्षी, 2019 मध्ये, आपल्या देशाच्या व्यावसायिक लीगमध्ये खेळली होती. कोलंबियाची ती महिला लीग 2017 मध्ये सुरू झाली. आपली इंडियन विमेन्स लीगसुद्धा 2017 च्या जानेवारीतच सुरू झाली. सुमारे पावणेसहा वर्षांनंतर फातोर्ड्याच्या मैदानावर कोलंबिया अंतिम फेरीत जाण्यासाठी झुंजत होते, आणि आपला संघ भुवनेश्वरात अमेरिका, मोरोक्को आणि ब्राझीलकडून तिन्ही सामने हरून एकही गोल न करता बाहेर पडला होता. त्या मुलींना मी जराही दोष देत नाही. त्यांच्या पाठीशी लीग, क्लब आणि करार यांची जी साखळी लागते ती त्यांना कोणी दिली नव्हती.

याबाबत आता गोव्याची स्थिती आधीपेक्षा बरी आहे, म्हणूनच हे पत्र आत्ता लिहिते आहे. बिदेश इलेव्हन आणि सिरवोडे या क्लबांनी याआधी देशाच्या महिला लीगमध्ये गोव्याचे नाव नेले. 2025 मध्ये सेझा फुटबॉल अकादमीच्या मुली दुसऱ्या श्रेणीतून वरच्या श्रेणीत चढल्या. साखळी गावी जिथे पूर्वी खनिज काढत तिथे आता या अकादमीचे मैदान आहे, आणि ते माझ्या शाळेपासून फार लांब नाही. माझ्या मुलींना पहिल्यांदाच वाटू लागले आहे की बेंगळुरू, मदुराई किंवा कोळिकोडला न जाताही मोठी लीग खेळता येईल. हे वाटणे टिकवायचे असेल तर त्या एका संघाच्या खाली, गोव्याच्या आपल्या लीगमध्ये, पक्की पायरी हवी. पुरुषांची प्रो लीग महिनोन्महिने चालते, महिलांचे सामने त्या मानाने फारच थोडे. थोडे सामने म्हणजे थोडा सराव, आणि थोड्या सामन्यांसाठी कोणी वर्षाचा करार करत नाही. दोन्ही गोष्टी एकदमच वाढवाव्या लागतील.

महासंघाने 2023 मध्ये जाहीर केले होते की वरच्या श्रेणीतील प्रत्येक क्लबाने किमान 10 भारतीय खेळाडूंशी वर्षाला किमान 3 लाख 20 हजार रुपयांचा करार करावा. महिन्याला हे साडेसव्वीस हजारांच्या आसपास होते. गावच्या क्लबाला एवढे झेपणार नाही, हे मला ठाऊक आहे. आपल्याकडचे क्लब देणगीदार, पंचायत आणि चार उत्साही माणसांच्या खिशावर चालतात. महिलांच्या सामन्याला तिकीट नसते, प्रायोजक शोधायला दारोदार फिरावे लागते. म्हणून मी रकमेचा आग्रह धरत नाही. तुम्ही मुलीला महिन्याला 3 हजार देणार असाल तर 3 हजार लिहा. फक्त प्रवासभाडे आणि बूट देणार असाल तर तेवढेच लिहा. पण दुखापत झाली तर उपचार कोण करणार आणि किती महिने, हे लिहा. विमा कोण काढणार हे लिहा. हंगाम कधी संपतो आणि दुसऱ्या क्लबाने बोलावले तर तिला कोणत्या अटीवर सोडणार, हे लिहा. परीक्षेच्या आठवड्यात तिला सामन्यातून सूट आहे, हेही लिहा. या ओळीमुळे किती आईबाप निश्चिंत होतील याची तुम्हाला कल्पना नसेल, मला रोज येते.

कराराचे महत्त्व पैशापुरते नाही. फिफाने 1 जानेवारी 2021 पासून नियम लागू केला की खेळाडूला बाळंतपणासाठी किमान 14 आठवड्यांची रजा द्यावी, त्यातले किमान 8 आठवडे प्रसूतीनंतरचे, आणि त्या काळात कराराच्या पगाराचे किमान दोन-तृतीयांश द्यावेत. 2024 मध्ये दत्तक मूल घेणाऱ्या खेळाडूंचा आणि मासिक पाळीच्या त्रासाचाही विचार त्या नियमांत आला. किती चांगले नियम आहेत! पण कराराच्या पगाराचे दोन-तृतीयांश म्हणजे कशाचे, जर करारच नसेल? आमच्या भागात मुलगी 22-23 ची झाली की घरात लग्नाची बोलणी सुरू होतात. लग्नानंतर खेळायचे असेल तर सासरच्यांपुढे ठेवायला तिच्याकडे काहीतरी असायला हवे. "मी खेळते" असे नुसते बोलली तर ती हौस ठरते. क्लबाच्या शिक्क्याचा, पगाराचा आकडा असलेला कागद दाखवला की तेच काम ठरते. हा बदल मी शिक्षिकांच्या, नर्सेसच्या, अंगणवाडी सेविकांच्या घरी झालेला पाहिला आहे. फुटबॉल खेळणाऱ्या मुलीच्या घरीही तो होईल.

सुरक्षेबद्दलही लिहिणे भाग आहे. मार्च 2024 मध्ये महिला लीगच्या दुसऱ्या श्रेणीच्या सामन्यांसाठी बाहेरच्या राज्यातून आलेल्या दोन खेळाडूंनी, गोव्यातल्या हॉटेलात आपल्याला मारहाण झाल्याची तक्रार केली. आरोप महासंघाच्याच कार्यकारी समितीच्या एका सदस्यावर होता. म्हापसा पोलिसांनी अटक केली, महासंघाने निलंबन केले. हे आपल्या भूमीवर घडले. त्या दोन मुलींनी तोंड उघडले, याचे धैर्य किती मोठे आहे ते आम्हा बायकांना कळते. प्रत्येक करारात तक्रार कुणाकडे करायची त्या व्यक्तीचे नाव आणि फोन असावा, ती व्यक्ती महिला असावी आणि ती क्लबाच्या व्यवस्थापनातली नसावी. संघ बाहेरगावी जाताना एक महिला अधिकारी बरोबर असावी. यावर दुमत होईल असे मला वाटत नाही.

गुडघ्यांचे पुन्हा सांगते, कारण ते अजून आपल्या हाती आहे. महिला खेळाडूंना एसीएलची दुखापत पुरुषांपेक्षा दुप्पट-तिप्पट प्रमाणात होते. त्यावर फिफाचाच साधारण 20 मिनिटांचा सरावाआधीचा व्यायामक्रम आहे, 11 प्लस नावाचा. धावणे, एका पायावर तोल सांभाळणे, उडी मारून गुडघे आत न वळवता खाली येणे, मांडीच्या मागच्या स्नायूंना बळ देणे, एवढेच त्यात असते. उपकरण लागत नाही, पैसा लागत नाही. आठवड्यातून दोनदा तरी नियमाने केला तर दुखापती कमी होतात हे अभ्यासांनी दाखवले आहे. मी माझ्या मुलींकडून तो करून घेते. उडी मारून उतरताना गुडघा आत गेला की मी शिट्टी वाजवते आणि ती उडी पुन्हा घ्यायला लावते. मुली वैतागतात, तरी करतात. लीगमधल्या प्रत्येक संघाच्या प्रशिक्षकाला हा क्रम शिकवण्यासाठी असोसिएशनने पावसाळ्यात दोन दिवसांचे शिबिर घ्यावे. त्या विद्यार्थिनीच्या क्लबात हा व्यायाम होत होता का, असे मी तिला विचारले होते. मैदानाला दोन फेऱ्या मारून लगेच सामना खेळायचो, असे ती म्हणाली.

डिचोली, सत्तरी, पेडणे, धारबांदोडा या तालुक्यांकडेही पाहा, ही मागणी मी आमच्या भागाच्या हक्काने करते. फुटबॉलचे बळ सासष्टीत आणि बारदेशात आहे, ते तिथे पिढ्यान्‌पिढ्या राखले गेले, त्याचे मला कौतुक आहे. पण निवड चाचणी मडगावला सकाळी 7 वाजता ठेवली की वाळपईच्या पलीकडची मुलगी येऊच शकत नाही. कदंबची पहिली बस तिला वेळेत पोचवत नाही आणि संध्याकाळच्या सरावानंतर शेवटची बस निघून गेलेली असते. माझ्या शाळेतल्या दोन चांगल्या गोलकीपर याच कारणाने सुटल्या. एक चाचणी साखळीला आणि एक म्हापशाला ठेवली तर निवड समितीचा एक दिवस जाईल, आणि आमच्या मुलींची दोन वर्षे वाचतील.

या पत्राची एक प्रत मी क्रीडा व युवा व्यवहार संचालनालयालाही देत आहे. पोलीस, वन, अग्निशमन या खात्यांत भारतीय संघातून खेळलेल्या मुलींना खेळत असतानाच सामावून घ्यावे, निवृत्तीनंतर नव्हे, एवढी माझी सरकारला विनंती आहे. मणिपूरने हे केले आहे.

आता कामाचे बोलू. कराराचा नमुना दोन पानांपेक्षा मोठा नसावा आणि तो मराठीत आणि कोकणीतही असावा. आमच्या भागातल्या आईवडिलांना इंग्रजी कागदावर सही करायला सांगितले की ते शेजारच्या कुणाला तरी वाचायला लावतात आणि तो जे सांगेल त्यावर विश्वास ठेवतात. मसुदा करायला मी आणि आमच्या तालुक्यातील काही शिक्षिका तयार आहोत. एक माजी विद्यार्थिनी वकील आहे, तीही बसेल. पुढच्या हंगामाची नोंदणी उघडण्याआधी, शाळेचे अर्धे सत्र असते म्हणून शनिवारी दुपारी, आपण वेळ द्यावा. पणजी, मडगाव, जिथे सांगाल तिथे आम्ही येऊ.

आपली विश्वासू,
एक शारीरिक शिक्षण शिक्षिका
डिचोली, गोवा